मायनसमधली उजनी

उन्हाळ्यात उजनी 'मायनस'मध्ये गेली, की आमच्याकडं ऊसवाल्यांच्या पोटात गोळा येतो. शून्य टक्क्यालाही धरणात 63 टीएमसीच्या आसपास मृतसाठा असतो. कालवा कोरडा पडला, की आबा म्हणायचे, "धरणात पाणी दिसतंय की, मग येत का न्हाई?"

कॉलेजात वर्गमूळ फलाचा प्रांत शिकलो, तेव्हा उत्तर सापडलं. दारातून सुटणाऱ्या पाण्याचा वेग दारावरच्या पाण्याच्या उंचीच्या वर्गमुळावर ठरतो. पातळी क्ष मीटर, दार 5 मीटरवर. मग वर्गमुळाखाली क्ष − 5. ऋण संख्येला वास्तव वर्गमूळ नाही, म्हणून प्रांत क्ष ≥ 5. चार मीटर पाणी खरंच असतं, पण प्रांताबाहेर.

आबांना एवढंच म्हणालो, "पाणी हाय, पण दाराच्या खाली."

"मग औंदा ऊस कमीच लावू."