कुलपाआधीचे साठ दिवस

वसुली विभागात माझी बदली झाली तेव्हा घरच्यांना ती आवडली नाही. मला मात्र या कामाची लाज कधी वाटली नाही. बँकेतला पैसा निवृत्त शिक्षकांचा, भाजीवाल्यांचा, विधवांच्या ठेवींचा असतो. तो परत यायलाच हवा. 2002 साली सरफेसी कायदा आला. त्याआधी घर गहाण असूनही बँका वर्षानुवर्षं कोर्टात खेटे घालत. या कायद्यामुळे दिवाणी दावा न लावता तारण ताब्यात घेता येऊ लागलं. शेतजमीन त्यातून वगळली आहे, राहतं घर नाही. या कायद्याबद्दल माझी तक्रार नाही. कर्जदाराच्या हातात तो ज्या भाषेत पडतो, तिच्याबद्दल आहे.

इचलकरंजीतलं एक घर मला आजही स्पष्ट आठवतं. यंत्रमागाच्या धंद्यासाठी काढलेलं कर्ज, तारण राहतं घर. सुताचे भाव चढले, कापडाला उठाव राहिला नाही, हप्ते तुंबले. नव्वद दिवसांच्या वर थकलं की खातं एनपीएत, म्हणजे अनुत्पादक कर्जांत जातं. मग साठ दिवसांची मागणी नोटीस निघते. खरी संधी याच साठ दिवसांत असते. कर्जदाराने लेखी हरकत घेतली तर बँकेला पंधरा दिवसांत कारणांसह उत्तर द्यावंच लागतं. तडजोडीचं बोलता येतं, स्वतः गिऱ्हाईक बघून बँकेच्या संमतीने घर विकता येतं.

पण आमची नोटीस इंग्रजीत होती. चार पानं, नुसती कलमं आणि पोटकलमं. त्या गृहस्थांनी पोस्टमनकडे सही करून पाकीट घेतलं आणि लाइटबिलांच्या पिशवीत ठेवून दिलं. मुदत संपल्यावर आम्ही सांकेतिक ताबा घेतला, म्हणजे घरात माणसं तशीच राहिली आणि दारावर नोटीस चिकटवली. ती सात दिवसांच्या आत दोन वर्तमानपत्रांत छापावी लागते आणि त्यातलं एक स्थानिक भाषेतलं असावं लागतं. शेजाऱ्याने पेपर आणून दाखवला, तेव्हा त्या घराने आपल्या कर्जाबद्दल मराठीत पहिल्यांदा काही वाचलं. तोवर साठ दिवस सरले होते.

त्यानंतरही पंचेचाळीस दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणात दाद मागता येते. तिकडे ते गेले नाहीत. आम्ही जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज केला, आदेश झाला आणि प्रत्यक्ष ताब्याच्या दिवशी मंडल अधिकारी, पोलीस आणि पंच घेऊन आम्ही दारात उभे राहिलो.

घरातलं सामान गहाण नसतं, ते ज्याचं त्याला न्यायचं असतं. तरी यादी करावी लागते. ‘लोखंडी कपाट एक, जुने. शिलाई मशीन एक, चालू.’ मंडल अधिकारी लिहीत होते. स्वयंपाकघरात कुकर नुकताच उतरवलेला होता. बाईंनी आधी देव काढले, मग डबे. कागदावर सही करताना त्यांनी मला विचारलं, “साहेब, पेपरात मराठीत छापता येतं, मग घरी पाठवताना का येत नाही?” माझ्यापाशी द्यायला उत्तर नव्हतं. दाराला कुलूप लागलं, त्यावर कापड बांधून लाखेचं सील केलं.

लिलावात राखीव किमतीच्या थोडी वर बोली आली. घराला बँकेचं सील लागलं की घेणारा भाव पाडूनच मागतो. त्यांच्या चुलतभावाने आधी याहून बरी किंमत सांगितली होती. पण लिलावाची जाहिरात प्रसिद्ध झाली की थकबाकी भरून घर सोडवून घेण्याचा हक्कही संपतो, 2016 च्या दुरुस्तीपासून हे असंच आहे. देणं वळतं करून उरलेली रक्कम कायद्याप्रमाणे आम्ही त्यांना दिली. ती फारच थोडी होती.

मराठी नोटिशीसाठी मी वरिष्ठ कार्यालयाला लिहिलं. न्यायाधिकरणात मसुदा टिकला पाहिजे, म्हणून तो इंग्रजीतच राहील, असं विधी विभागाचं उत्तर आलं. मग मी प्रत्येक पाकिटात वेगळं एक मराठी पान घालायला सुरुवात केली. एकूण थकबाकी, साठ दिवस कोणत्या तारखेला पुरे होतात, हरकत कुणाच्या नावे लिहायची, आणि भेटायला यायचं तर माझ्या टेबलाशी, एवढंच त्यात असे. ते पान हातात घेऊन माणसं मुदतीच्या आत शाखेत येऊ लागली. काहींचं घर तरीही गेलं. काहींनी गिरणीची जागा किंवा प्लॉट विकून घर राखलं.