पडवीला ग्रिल नको

२२ जुलै २०२१ च्या महापुरात चिपळूण बुडालं, तेव्हा वाशिष्ठीकाठचं आमचं वडिलोपार्जित घरही पाण्यात गेलं. म्हातारी फुफी शेजारच्या बंगल्याच्या स्लॅबवर बसून वाचली. त्या रात्री तिथे मोहल्ल्यातली आणि कुणबीवाडीतली माणसं एकत्रच भिजत होती.

काही महिन्यांनी आम्ही भावंडं गावी गेलो. एक दुबईहून, दोघं मुंब्र्याहून. मातीच्या भिंती ढासळल्या होत्या. आम्ही ठरवूनच आलो होतो : जुनं पाडायचं, दोन मजली बांधायचं, ग्रिल लावून कुलूप घालायचं. १९९८ मध्ये कोकण रेल्वे पूर्ण झाली, मुंबई जवळ आली. पण आमचं येणं लग्न आणि जनाजा यापुरतंच उरलं होतं.

फुफी कोकणीत बोलत होती. आमच्या मुलांना कळेना. तिचं बोलणं आम्ही त्यांना उर्दूत समजावत होतो, आणि लाज आम्हांलाच वाटत होती.

वाटलं होतं, फुफी अडून बसेल. ती म्हणाली, "बांधा रे बाबांनो. स्लॅबनंच जीव वाचवला. पण पडवीला ग्रिल नको. मासळीवाली टोपली कुठे टेकवील?"

परंपरा म्हणजे मातीची भिंत, असं आम्ही समजत होतो. फुफीनं भिंत सहज सोडली. मोकळी पडवी तेवढी मागितली.

घर झालं. पडवी उघडी आहे. तिथे बसायला आम्ही कधी येणार, हे फुफीनं अजून विचारलेलं नाही.