बंपरच्या आड

दशलक्षण पर्वातील तिसरा दिवस उत्तम आर्जवाचा. त्या वर्षी तो रविवारी आला होता. सांगलीतील एका जिनमंदिरात सकाळचे प्रवचन सरळपणावर झाले. मनात असेल ते वाणीत यावे आणि वाणीत असेल ते आचरणात दिसावे, एवढाच त्याचा आशय. श्रोत्यांनी माना डोलावल्या, जिनवाणीचा जयजयकार झाला आणि मंडळी आपापल्या घरी परतली. त्यांत मार्केट यार्डात हळदीची अडत असलेले एक वयोवृद्ध व्यापारी होते. घरात आणि पेढीवर सगळे त्यांना अण्णा म्हणत.

अण्णांच्या अंगणात पेढीची पाच वर्षांची जुनी मोटार उभी होती. नवी मोठी गाडी यायची असल्याने जुनीचा सौदा ठरला होता. घेणारे तासगावकडील एका खेड्यातले प्राथमिक शिक्षक. त्यांची ही आयुष्यातील पहिली मोटार. किंमत तीन लाख साठ हजार ठरली, अकरा हजारांचा इसार हाती आला, हस्तांतरणाचे नमुना 29 आणि नमुना 30 हे अर्जही भरून ठेवले होते. अनंत चतुर्दशी झाली की गाडी द्यायची, असा बोल झाला होता.

एकाशन आटोपून अण्णा ओसरीवर बसले होते. पदविकेच्या वर्गात यंत्र अभियांत्रिकी शिकणारा थोरला नातू डिकीतले सामान काढत होता. त्याने डिकी लावली, ती बसली नाही. पुन्हा जोराने आपटली तेव्हा बसली. तो मागे सरून पाहू लागला.

"आजोबा, उजव्या बाजूची फट बारीक आहे, डावीकडची जास्त. बंपर नवा रंगवलेला आहे, पण तो सरळ बसलेला नाही."

अण्णांनी चिरंजीवांकडे पाहिले. चिरंजीव काही क्षण गप्प राहिले आणि मग सांगू लागले. जेठात गोदामाच्या आवारात गाडी मागे घेताना ती दगडी खांबावर आदळली होती. 1 जुलै 2019 पासून नव्या प्रवासी मोटारींना मागील पार्किंग सेन्सर बंधनकारक झाले. त्यानंतरची असल्याने या गाडीलाही ते होते आणि ते वाजतही होते. परंतु चिरंजीव तेव्हा फोनवर भावाची घासाघीस करत होते. विम्याचा दावा त्यांनी केला नाही. सलग चार वर्षे दावा न केल्याने नो क्लेम बोनस 45 टक्क्यांवर पोहोचला होता. ही सवलत गाडीबरोबर जात नाही, ती मालकाची असते आणि नव्या गाडीच्या विम्याला लावता येते. दावा केला असता तर ती शून्यावर आली असती. म्हणून रंगाऱ्याकडून बंपर भरून, घासून, रंगवून घेतला आणि घरी कोणाला काही सांगितले नाही.

"गुरुजींना सांगितलंस?" अण्णांनी विचारले.

"त्यांनी विचारलं नाही. गाडी त्यांनी स्वतः फिरून पाहिली, चालवून पाहिली. घेणाऱ्यानं तपासून घ्यायचं असतं अण्णा, व्यवहार आहे हा."

चिरंजीवांचे म्हणणे अगदीच निराधार नव्हते. 1930 च्या माल विक्री अधिनियमातील सोळावे कलम ग्राहकाने सावध राहावे याच तत्त्वावर उभे आहे, मात्र त्याला अपवादही आहेत. करार अधिनियम त्याहून जुना, 1872 चा. त्याच्या सतराव्या कलमाने ठाऊक असलेली वस्तुस्थिती प्रयत्नपूर्वक दडवणे हे कपटात गणले आहे. नुसते न बोलणे वेगळे आणि रंग देऊन झाकणे वेगळे, हा भेद कायद्यालाही कळतो. अण्णांनी मात्र कायदा काढला नाही. ते म्हणाले, "हळद घेताना आपण कांडी मोडून बघतो. पॉलिश कितीही असलं तरी आतला रंग मोडल्यावरच कळतो. आत काय झालंय हे तुला तरी माहीत आहे का?"

चिरंजीवांना ते माहीत नव्हते. रंगाऱ्याने बंपर उतरवलाच नव्हता.

"मग आधी आपण बघू. उतरवा तो."

बंपर घरी उतरवणे अवघड नाही, परंतु घाई करणाऱ्याचे ते काम नव्हे. नातवाने हातब्रेक ओढला, चाकांना विटा लावल्या आणि बॅटरीचे ऋण टोक सोडवले. डिकी उघडून दोन्ही मागच्या दिव्यांचे स्क्रू काढले. दिवे सरळ मागे ओढून त्यांच्या तारांचे जोड सुटे केले, तेव्हा दिव्यांमागे दडलेले बंपरचे स्क्रू दिसले. मागच्या चाकांच्या कमानीत, जिथे आतले प्लास्टिकचे अस्तर बंपरला मिळते, तिथे दोन्ही बाजूंना एकेक स्क्रू होता. गाडीच्या पोटाखाली प्लास्टिकच्या क्लिपा होत्या. त्यांची मधली खुंटी आधी वर उचलावी लागते, मग क्लिप आपोआप ढिली होते. प्रत्येक ठिकाणचे स्क्रू त्याने स्टीलच्या वेगवेगळ्या वाट्यांत ठेवले, म्हणजे जोडताना अदलाबदल होणार नाही.

पावसाळ्याचे दिवस. चाकाच्या कमानीत चिखल साचलेला होता आणि त्यात मुंग्यांनी घर केले होते. अण्णांनी काम थांबवले. आतून मऊ कुंचला मागवला, मुंग्या कागदावर हळुवार घेऊन बागेच्या कडेला सोडल्या आणि उरल्यासुरल्या आपणहून निघून जाव्यात म्हणून अर्धा तास वाट पाहिली. वस्तू उचलताना आणि ठेवताना जीव सांभाळावा ही आदान-निक्षेपण समिती मुनींची. पण श्रावकाच्या अंगणातही ती अडचणीची होत नाही. नातू घड्याळ पाहत होता, तरी त्याने तक्रार केली नाही.

त्यानंतर खरे काम आले. बंपर बाजूंना खोबणीत अडकवलेला असतो. तो मागे खेचायचा नसतो. चाकाच्या कमानीपासून सुरुवात करून कड बाहेरच्या अंगाला हळूहळू ओढायची, म्हणजे एकेक आकडा सुटत जातो. जोर केला तर आकडे तुटतात आणि मग बंपर पुन्हा कधीच घट्ट बसत नाही. उजवी बाजू सहज सुटली. डावी सुटेना. नातवाने चिरंजीवांकडे पाहिले. आतापर्यंत दूर उभे असलेले चिरंजीव बाह्या सरसावून पुढे आले. एका बाजूला मुलगा, दुसऱ्या बाजूला वडील, अशी दोघांनी ती कड धरली. डावीकडचे दोन आकडे आधीच तुटलेले होते. ती बाजू रंगाऱ्याने चिकटवून टाकली होती. सेन्सरच्या तारांचा जोड सोडवला आणि बंपर उतरवून जुन्या गोधडीवर पालथा ठेवला.

पूर्वीच्या अँबॅसडरला किंवा कुर्ल्याच्या कारखान्यात बनणाऱ्या पद्मिनीला लखलखीत मुलामा दिलेला पोलादी बंपर असे. त्याला पोचा पडला की तो साऱ्या पेठेला दिसे. युरोपात 1972 साली रेनॉ 5 ही मोटार प्लास्टिकचा बंपर घेऊन आली आणि पुढे हीच रीत जगभर रूढ झाली. आजचा बंपर बहुधा पॉलिप्रॉपिलीनचा, म्हणजे लवचिक प्लास्टिकचे एक आवरण. दाबले तरी ते पुष्कळदा मूळ आकारात परत येते. धक्का झेलण्याचे खरे काम त्यामागचा फोमचा थर आणि त्याच्याही मागची पोलादी पट्टी करते. त्यामुळे वरून निर्दोष दिसणाऱ्या गाडीची आतली पट्टी वाकलेली असू शकते.

या गाडीची वाकलेलीच होती. फोमचे दोन तुकडे झाले होते. पोलादी पट्टी डाव्या बाजूला आत दबली होती आणि तिला गाडीशी जोडणारा आधार मुडपला होता. मागच्या पत्र्याला पोचा पडून सांध्यावरचे सीलर फाटले होते. त्या फटीतून पावसाचे पाणी आत जात होते. डिकीतले स्टेपनी चाक उचलले तर खाली वाटीभर पाणी आणि कडेने तांबूस गंज.

सूनबाई हे सारे दारातून पाहत होत्या. त्या पुढे आल्या, पट्टीकडे पाहिले, मग मागच्या सीटकडे पाहिले.

"तीन महिने धाकटी दोघं इथंच बसून शाळेला जाताहेत," त्या म्हणाल्या.

कोणी काही बोलले नाही. चिरंजीव गाडीच्या मागे उकिडवे बसले होते, ते तसेच बसून राहिले. बोनस वाचला, घरातली बोलणी वाचली आणि सौद्यात गुरुजींच्या नजरेतूनही सुटले, असा त्यांचा हिशेब होता. या झाकण्याचे पहिले ऋणको आपलीच मुले आहेत, ही नोंद त्या हिशेबात कुठेच नव्हती.

थोड्या वेळाने नातवाने विचारले, "बसवू का परत?"

"नको," अण्णा म्हणाले. "गुरुजींना बोलाव. त्यांना उघडी बघू दे."

"मी बोलावतो," चिरंजीव म्हणाले.

गुरुजी दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पत्नीसह आले. जय जिनेंद्र, नमस्कार झाले. चिरंजीवांनी काहीही न वगळता सगळे सांगितले : खांब, फोन, विमा, रंगारी. दुरुस्ती करून देऊ आणि तिचा खर्च पेढी सोसेल, असेही सांगितले. गुरुजींनी वाकून पाहिले. त्यांच्या पत्नीने वाकून पाहिले नाही. त्या केवळ ऐकत होत्या. विचार करून कळवतो, असे म्हणून दोघे गेले. दोन दिवसांनी फोन आला. गुरुजींचा स्वर आर्जवी होता, तरी निर्णय ठाम होता. मागे मुले बसणार, एकदा भीती बसल्यावर ती गाडी घ्यावीशी वाटत नाही. अण्णांनी त्याच दिवशी इसाराची पूर्ण रक्कम परत पाठवली.

त्या रात्री चिरंजीव जेवताना म्हणाले, "खरं सांगून काय मिळालं? सौदा गेला."

अण्णांनी उत्तर दिले नाही. या प्रश्नाला त्या घटकेला पटेल असे उत्तर बहुधा नसतेच. तत्त्वार्थसूत्राच्या सातव्या अध्यायात अचौर्य अणुव्रताचे पाच अतिचार सांगितले आहेत. खोटी मापे त्यांत आहेत, तसाच प्रतिरूपक व्यवहारही आहे. शुद्ध मालात हलका माल मिसळून तो चांगल्याच्या भावाने विकणे, असा त्याचा अर्थ व्यापारी घरांत पिढ्यान्‌पिढ्या सांगितला जातो. तराजूचे काटे आता इलेक्ट्रॉनिक झाले, मापातले पाप अवघड झाले. दिसण्यातले पाप मात्र सोपे झाले आहे. ते टाळणाऱ्याच्या पदरी ताबडतोब नफा पडतो असे आश्वासन शास्त्राने कुठे दिलेले नाही.

पर्व संपले. भाद्रपद वद्य प्रतिपदेला क्षमावाणी झाली. सकाळपासून घरातल्या साऱ्यांच्या फोनवर क्षमेच्या संदेशांचा वर्षाव चालला होता. एकाच मजकुराचे संदेश शेकडो जणांना जात होते, आणि त्यांतल्या बहुतेकांशी कसला अपराध घडलेलाही नसतो. चिरंजीवांनी दुपारी फोन घरीच ठेवला आणि दुचाकीवरून तासगावच्या रस्त्याला लागले. संध्याकाळी परतले तेव्हा त्यांच्या हातात गुरुजींच्या शेतातल्या शेंगांची पिशवी होती. काय बोलणे झाले ते त्यांनी सांगितले नाही, कोणी विचारलेही नाही.

गाडी दुरुस्तीला गेली. पत्रा सरळ झाला, पट्टी, आधार आणि फोम नवे बसले, सांध्यांना सीलर लागले, बंपरही नवा आला. बिल साडेअठरा हजारांचे झाले. उतरवलेल्या बंपरची छायाचित्रे आणि ते बिल दाखवून नवरात्रात ती दुसऱ्या एका गृहस्थांना तीन लाख पंचवीस हजारांना विकली. मूळ सौद्यापेक्षा पस्तीस हजार कमी.

दिवाळीआधी वह्या मिटवताना दिवाणजींनी विचारले, हे कुठे दाखवायचे? ठरलेल्या पण न झालेल्या सौद्यातील पस्तीस हजार जमाखर्चात येत नाहीत. न मिळालेल्या पैशाला खाते नसते. दुरुस्तीचे साडेअठरा हजार मात्र पेढीतून गेले होते. वाहन दुरुस्ती खाती टाकले तर करातही सूट मिळेल, असे दिवाणजींनी सुचवले.

अण्णा गादीवर होते. ते बोलणार एवढ्यात चिरंजीव म्हणाले, "पेढीच्या खर्चात नको. माझ्या खाती नावे टाका."

दिवाणजींनी अण्णांकडे पाहिले. अण्णांनी मान हलवली आणि पुढची वही ओढून घेतली.