मौनाचे लेखन

धाम नदीच्या काठी वसलेल्या आमच्या पवनारास मौनाचे नवल नाही. विनोबाजींनी येथील आश्रमातच २५ डिसेंबर १९७४ पासून वर्षभर मौन पाळले. न बोलणे म्हणजे संयम, ही समजूत त्यामुळे आम्हां पवनारकरांच्या मनात खोल रुजली आहे. तिला धक्का दिला तो एका पटकथाकाराने. म्हणून त्याच्या कामगिरीविषयी चार शब्द लिहावेसे वाटतात.

विजय तेंडुलकर (१९२८–२००८) यांस महाराष्ट्र नाटककार म्हणून ओळखतो. ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ या आपल्याच नाटकावरून १९७१ साली निघालेल्या चित्रपटाची पटकथा त्यांनी लिहिली. विनोबांचे मौन चालू होते त्याच १९७५ साली ‘सामना’ आला. नाहीशा झालेल्या मारुती कांबळेविषयी एक दारुडा मास्तर विचारू लागतो आणि तेवढ्याने साखरसम्राटाची झोप उडते, असे ते कथानक. त्याच वर्षी ‘निशांत’, पुढील वर्षी ‘मंथन’, मग ‘सिंहासन’, ‘उंबरठा’, ‘अर्धसत्य’, असा हा क्रम चालला. ‘मंथन’च्या पटकथेस राष्ट्रीय पारितोषिक लाभले. पुढे दूरचित्रवाणीसाठीही त्यांनी ‘स्वयंसिद्धा’ ही मालिका लिहिली; तीत त्यांच्या कन्या प्रिया यांची प्रमुख भूमिका होती.

तथापि आम्हांस सर्वांत विलक्षण वाटतो तो १९८० चा ‘आक्रोश’. लहान्या भिकू हा आदिवासी मजूर पत्नीच्या खुनाच्या आरोपाखाली तुरुंगात आहे. तरुण वकील त्याच्या बचावासाठी जिवाचे रान करतो. लहान्या त्याच्याशीही अवाक्षर बोलत नाही. आमच्या घरी हा चित्रपट चालू असता आत्याबाई त्रासून म्हणाल्या, “अहो, वकील याच्याच बाजूचा ना? मग हा बोलत का नाही?” आमच्या शेतावर काम करणारे एक वृद्ध गृहस्थ दाराशी बसून चित्रपट पाहत होते. ते हळूच म्हणाले, “बोलला त घरच्याईचं काय होईन, बाई?”

घरी लहान्याचा म्हातारा बाप आहे, तरुण बहीण आहे. आम्ही पुस्तके वाचणाऱ्यांनी जे ओळखले नव्हते, ते त्या गृहस्थांस कोणी समजावून सांगावे लागले नाही.

नाटककाराचे शब्द नटाच्या मुखातून प्रेक्षकांच्या कानी पडतात. पटकथाकाराने कागदावर लिहिलेले बरेचसे कोणास ऐकूच येत नाही. ते दिसते, जाणवते, आणि श्रेय दिग्दर्शकास व नटास मिळते. संवादांवर हुकमत असलेल्या तेंडुलकरांनी आपल्या नायकास जवळजवळ मुका ठेवला, यात त्यांचा केवढा निग्रह असेल! विनोबांचे मौन हे व्रत होते, कारण ते घेणे आणि सोडणे त्यांच्या हाती होते. लहान्याच्या हाती यांतले काहीच नव्हते. दोघांसही आपण ‘शांत’ म्हणून मोकळे होतो, तेव्हा एकाचा गौरव करताना दुसऱ्याच्या तोंडावरील हात आपण पाहत नाही. तो हात दाखविणे, हे तेंडुलकरांच्या पटकथालेखनाचे आम्हांस वाटणारे खरे मोल होय.