सामाईक फाइलींचा सांभाळ

बेंगळुरूतल्या इंदिरानगरच्या हंड्रेड फीट रोडवरून आत वळलं की, जुन्या बंगल्यांचे वरचे मजले भाड्याने घेऊन उपकरणं बनवणाऱ्या लहान कंपन्या भेटतात. सांगली, सोलापूर, नांदेडकडची मुलंमुली तिथे एम्बेडेड लिनक्सवर काम करतात. त्यांच्याकडून मला एक निरोप सारखा येतो : 'सर, ती एसओ फाइल तुमच्याकडे असेल तर पाठवा ना.' मी पाठवत नाही. का, ते नीट सांगायला हवं.

एसओ म्हणजे शेअर्ड ऑब्जेक्ट. छपाई, गणित, नेटवर्क अशी कामं प्रत्येक प्रोग्रॅमने स्वतःपुरती लिहायची नाहीत. ती एका लायब्ररीत ठेवायची आणि सगळ्यांनी तिथून घ्यायची. मेमरीत तिच्या कोडची एकच प्रत चढते. लिंकसिसच्या प्रसिद्ध डब्ल्यूआरटी-५४जी राउटरच्या बऱ्याच मॉडेलांत फ्लॅश फक्त ४ एमबी आणि रॅम १६ एमबी होती. तिथे ही काटकसर जगण्या-मरण्याची होती. आपल्या बेंगळुरूत आयआयएससीच्या प्राध्यापकांनी आणि एन्कोर सॉफ्टवेअरच्या विनय देशपांडे यांनी मिळून सिंप्युटर हा हातात मावणारा संगणक घडवला, तोही २०६ मेगाहर्ट्‌झच्या स्ट्राँगआर्म प्रोसेसरवर लिनक्स चालवणारा.

आज मेमरी स्वस्त आहे. मग सगळं एकाच फाइलीत कोंबून का देऊ नये, असं तरुण विचारतात. लहान, एकाच कामाच्या उपकरणाला ते चालतंही. पण सामाईक विहीर एकदा उपसली की सगळ्या घरांचं पाणी स्वच्छ होतं. एप्रिल २०१४ मध्ये ओपनएसएसएल या एन्क्रिप्शनच्या लायब्ररीतला हार्टब्लीड दोष उघड झाला, तेव्हा ज्यांनी ती लायब्ररी वेगळी ठेवली होती त्यांना तीच बदलून सेवा पुन्हा सुरू करता आल्या. ज्यांनी ती प्रोग्रॅमात मुरवली होती, त्यांना असा प्रत्येक प्रोग्रॅम शोधून नव्याने बांधावा लागला.

आता उसन्या फाइलीकडे येतो. प्रोग्रॅम समोर दिसतो आणि बोर्ड म्हणतो, 'अशी फाइल नाही.' नवखा माणूस चक्रावतो. वास्तविक हरवलेला असतो तो लोडर, म्हणजे लायब्रऱ्या शोधून जोडून देणारा प्रोग्रॅम. एआरएमवर अपूर्णांक साध्या रजिस्टरांतून पाठवायचे की फ्लोटिंग पॉइंटच्या खास रजिस्टरांतून, याचे दोन करार आहेत आणि दोघांचे लोडर वेगळ्या नावांचे आहेत. एका करारातली एसओ दुसऱ्यात बसत नाही, मग फाइलीचं नाव अक्षरशः सारखं का असेना.

दुसरी तक्रार येते, 'जीलिबसी २.३४ सापडत नाही.' जीलिबसी ही लिनक्सवरची पायाभूत सी लायब्ररी, तिची फाइल म्हणजे लिबसी. लॅपटॉपवरच्या तिच्या नव्या आवृत्तीशी बांधलेला प्रोग्रॅम जुन्या उपकरणावर नेलेला असतो. इथे सगळ्यांत घातक उपाय म्हणजे लॅपटॉपवरची लिबसी उपकरणावर ओतणं. लोडर जुना, लिबसी नवी. ती जुळत नाहीत आणि मग फाइलींची यादी दाखवणारी साधी 'एलएस' आज्ञासुद्धा चालत नाही. कारण सगळेच तिच्यावर उभे असतात. योग्य मार्ग कंटाळवाणा आहे : त्या उपकरणाचाच सिसरूट घ्या, म्हणजे त्याच्या लायब्रऱ्या आणि हेडर फाइलींचा पूर्ण संच, आणि त्याच्याशी बांधा. लिबसीच्या फाइलीच्या नावातला आकडा १९९७ पासून ६ च आहे. जुना प्रोग्रॅम नव्या लिबसीवर चालावा यासाठी तिचे लेखक इतकी वर्षं झटले. उलट दिशेचं वचन त्यांनी कधीच दिलेलं नाही.

मला खरी काळजी १९ जानेवारी २०३८ ची आहे. भारतीय वेळेनुसार सकाळी ८ वाजून ४४ मिनिटं ७ सेकंदांनंतर ३२ बिटांतली वेळ उलटून १९०१ मध्ये जाते. मसल या दुसऱ्या सी लायब्ररीने २०२० मध्ये आणि जीलिबसीने २०२१ मध्ये ३२ बिटांच्या यंत्रांसाठी ६४ बिटांच्या वेळेची सोय केली. पण वेळ जिथे प्रोग्रॅमातून लायब्ररीत जाते, तिथे दोन्ही बाजू एकदम बदलाव्या लागतात. डेबियन या लिनक्स वितरणाला त्यासाठी २०२४ मध्ये असंख्य पॅकेजं नव्या नावांनी पुन्हा बांधावी लागली. आज बसवलेलं एखादं मीटर किंवा लिफ्टचा कंट्रोलर तोवर चालू असू शकतो. त्याचा सोर्स हरवला असेल तर कुणाची पाठवलेली एसओ त्याला वाचवणार नाही.

सिंप्युटर घडवणाऱ्यांच्या सिंप्युटर ट्रस्टने आपली हार्डवेअरची रचनाही परवान्याखाली खुली ठेवली होती. आपण निदान एवढं करावं : प्रत्येक रिलीजसोबत कंपायलर, सिसरूट, सोर्स आणि डीबग सिम्बॉल एकत्र जपून ठेवावेत. आणि यंत्र विकत घेणाऱ्या कारखान्यांनी, सोसायट्यांनी, नगरपालिकांनी हा संच करारातच लेखी मागावा.