घर कुणाच्या शेजारी? भंडारा जिल्ह्यातून एक फेरफटका

वाचकहो, भंडारा जिल्हा पाहायचा तर पावसाळ्यात पाहावा. रोवणीला जोर आला असताना नागपूरहून एस.टी.ने निघा. भंडारा शहर मागे टाकून कारध्याजवळ वैनगंगेचा पूल ओलांडला, की लाखनी-साकोलीच्या वाटेवर दोन्ही अंगांना धानाच्या बांध्या लागतात. मधूनच एखाद्या तलावाची पाळ दिसते. हे तलाव इथल्या पूर्वजांची कर्तबगारी आहे. कोहळी समाजाच्या मंडळींनी पाण्याचा उतार नुसत्या नजरेने हेरून ते बांधले. १९५१ साली मालगुजारी गेली, तरी लोक त्यांना अजून मालगुजारी तलावच म्हणतात.

उत्तरेला मोहाडी-आंधळगावात कोशाचे कापड विणले जाते. दक्षिणेला पवनीत जुन्या बौद्ध स्तूपांचे अवशेष उत्खननात सापडले आहेत. पितळी भांड्यांसाठी भंडाऱ्याचे नाव तर जुनेच. हे सगळे अवश्य पाहा. पण आज मी आपणांस आणखी एक गोष्ट पाहायला सांगणार आहे. तिच्यासाठी तिकीट लागत नाही आणि ती कोणत्याही गावात दिसते. ती म्हणजे गावाची मांडणी.

गावात शिरलात, की एकदा चहूबाजूंनी फिरून या. बहुतेक ठिकाणी मधोमध जुना वाडा, देऊळ, ग्रामपंचायत. त्याभोवती शेतकऱ्यांची घरे, पुढे कारागिरांची. मग थोडी मोकळी जागा, एखादा नाला किंवा रस्ता, आणि त्याच्या पलीकडे एक वेगळी वस्ती. हे अंतर कुणी साखळी टाकून मोजलेले नाही. पण पिढ्यान्‌पिढ्या ते तेवढेच राहिले. डिसेंबर २०२० मध्ये महाराष्ट्र शासनाने जातिवाचक वस्त्यांची नावे बदलण्याचा निर्णय घेतला. पाटीवर समतानगर, भीमनगर अशी नावे आली. चांगले झाले. पण पाटी बदलली, तरी नाला जिथल्या तिथे आहे.

आता शेताकडे वळा. तिथे काय दिसते? एकाच बांधीत दोन्ही वस्त्यांच्या बाया ओळीने वाकून रोवणी करत असतात. पऱ्हे एकीच्या हातातून दुसरीच्या हातात जातात. चिखल एक, पाऊस एक, मजुरी एक. संध्याकाळी घराकडे परतताना मात्र वाटा फुटतात. शेतात जे चालते ते घराच्या शेजारी का चालत नाही, हा प्रश्न आपण स्वतःला विचारला पाहिजे.

या प्रश्नाचा चटका किती मोठ्या माणसाला बसला, ते पाहा. १९५४ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकर भंडाऱ्यातून लोकसभेची पोटनिवडणूक लढले आणि हरले, हे जुन्या माणसांनी सांगितलेले आपण ऐकले असेल. पण त्याआधी १९१७ साली अमेरिका आणि इंग्लंडमध्ये शिकून ते बडोदा संस्थानात नोकरीला रुजू झाले, तेव्हा त्या शहरात त्यांना राहायला खोली मिळाली नव्हती. एका पारशी धर्मशाळेत पारशी नावाने राहावे लागले. अकराव्या दिवशी लाठ्या घेतलेली माणसे आली आणि त्यांना बाहेर पडायला सांगितले. तो दिवस त्यांनी एका बागेत बसून काढला आणि रात्रीच्या गाडीने मुंबई गाठली. एवढी पदवी, एवढी विद्या. डोक्यावर छप्पर मात्र नाही.

आणि हे केवळ शंभर वर्षांपूर्वीचे नाही. मोहाडी तालुक्यातले खैरलांजी आपल्याच जिल्ह्यातले. तिथे भोतमांगे कुटुंबाची स्वतःची शेती होती, मुले शिकत होती. त्यांच्या शेतातून रस्ता काढण्यावरून वाद होता. त्यांना पक्के घर बांधू देण्यातही गावाने अडथळे आणले, असे पुढे वृत्तपत्रांतून आणि चौकशी अहवालांतून प्रसिद्ध झाले. २९ सप्टेंबर २००६ च्या संध्याकाळी जमावाने आई, मुलगी आणि दोन मुलगे अशा चौघांची हत्या केली. प्रेते कालव्यात सापडली. २००८ साली भंडाऱ्याच्या न्यायालयाने आठ जणांना दोषी ठरवून सहांना फाशी दिली. २०१० साली उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने फाशीऐवजी २५ वर्षांचा कारावास सुनावला. गुन्ह्यामागे जात होती, हे मात्र दोन्ही न्यायालयांनी मानले नाही, आणि त्यावर पुष्कळ वाद झाला. वाचलेले भैयालाल भोतमांगे २०१७ साली वारले.

कायद्याचा कीस वकील काढतील. आपण शेतकऱ्यांनी एवढेच पाहावे, की वाद शेतातल्या वाटेचा होता. असे वाद गावोगाव असतात. तहसीलदार येतो, पंचनामा होतो, काही वर्षांनी तो मिटतो. इथे तसे झाले नाही. ज्या घराला शेजार नसतो, त्याच्या दारात संकट आले की हाक मारायलाही कुणी नसते. घर एकटे पाडणे हा नुसता अपमान नव्हे. त्यात जिवाला धोका असतो.

माणसांना वेगळे बसवण्याची ही रीत जगात इतरत्रही होती. दक्षिण आफ्रिकेत १९५० साली कायदाच झाला, की कोणत्या वर्णाच्या माणसाने शहराच्या कोणत्या भागात राहायचे. तो १९९१ साली रद्द झाला. अमेरिकेत १९३० नंतरच्या काळात शहरांचे नकाशे काढून काळ्या लोकांच्या वस्त्या लाल रंगाने दाखवल्या. तिथे घरासाठी कर्ज मिळणे दुरापास्त झाले. मार्टिन ल्यूथर किंग यांची हत्या झाली आणि सातच दिवसांनी, ११ एप्रिल १९६८ रोजी, घर देताना भेदभाव करण्यास मनाई करणारा कायदा तिथे झाला. आपल्याकडे असा रंगीत नकाशा कधी काढावा लागला नाही. तो लोकांच्या मनातच होता.

आपला कायदा त्या अमेरिकन कायद्यापेक्षा जुना आहे. १९५५ च्या नागरी हक्क संरक्षण कायद्याच्या कलम ४ प्रमाणे, अस्पृश्यतेच्या कारणावरून कुणालाही कोणत्याही वस्तीत घर बांधू न देणे, घेऊ न देणे किंवा राहू न देणे हा गुन्हा आहे. पण नकार देणारा कधी कारण सांगतो का? नागपूरला शिकायला गेलेला मुलगा खोली विचारतो. घरमालक आधी गाव विचारतो, मग आडनाव विचारतो, आणि मग म्हणतो, खोली कालच पाहुण्यांना दिली. याला पुरावा कुठून आणणार? मुस्लिम कुटुंबांनाही शहरात हाच अनुभव येतो. मुलगा मुकाट्याने दुसरे दार ठोठावतो, आणि शेवटी आपल्याच माणसांच्या दाटीत, कॉलेजपासून लांब, खोली घेतो. शहराचे नाले असे तयार होतात.

गावातही हेच घडते. ज्या गरीब कुटुंबाकडे घरकुलासाठी जागा नाही, त्याला जागा विकत घ्यायला शासन अर्थसाहाय्य देते. पण जागा विकणारा हवा ना? गावाच्या मधला तुकडा रिकामा पडून असतो, उकिरड्याला चालतो, पण विकायची वेळ आली की मालक म्हणतो, भाऊबंद काय म्हणतील. मग घरकुल पुन्हा नाल्यापलीकडेच उभे राहते.

म्हणून शेतकरी बंधुभगिनींनो, मला तीन गोष्टी सुचवाव्याशा वाटतात. पहिली, गावठाण वाढवण्याचा किंवा पुनर्वसनाचा विषय ग्रामसभेत आला, तर भूखंड चिठ्ठ्या टाकून द्यावेत असा आग्रह धरा. गोसीखुर्दसारख्या प्रकल्पामुळे गाव उठून नव्या जागी बसते, तेव्हा नवे नकाशे काढले जातात. जुने अंतर पुन्हा त्यावर कशाला आखायचे? दुसरी, भंडारा, तुमसर, साकोलीला आपले घर भाड्याने असेल, तर भाडेकरूला आडनाव विचारून खोली देऊ नका. भाडे वेळेवर येईल का, एवढे विचारणे पुरेसे आहे. तिसरी गोष्ट घरातल्या मायमाउलींसाठी. रोवणीला जी सोबत असते तिला एखाद्या सणाला घरात, चुलीजवळ बोलवा, आणि तिने बोलावले तर तिच्याकडे जेवायला जा.

बांध घातला की पाणी साचते, हे आपल्याला कुणी शिकवायला नको. कुठे बांध घालायचा आणि कुठे फोडायचा, हे धान पिकवणाऱ्याइतके कुणाला कळते? पुढच्या पावसाळ्यात आपल्या गावाला एक फेरी मारा आणि ते अंतर पाहून या. मुलांनाही बरोबर न्या. ते विचारतील, हे घर लांब का? त्यांना काय उत्तर द्यायचे, ते आधी ठरवून ठेवा.