गहाण सोडवलेला राजवाडा

पोलंडच्या क्राकोव शहरात विस्तुला नदीच्या काठावर चुनखडीची एक टेकडी आहे. तिचं नाव वावेल. टेकडीवर एकाच तटबंदीत पोलिश राजांचा वाडा आणि कॅथेड्रल शेजारी शेजारी उभे आहेत. राजाचा राज्याभिषेक कॅथेड्रलमध्ये व्हायचा, कारभार वाड्यातून चालायचा आणि राजा गेला की त्याचं दफन पुन्हा कॅथेड्रलच्या तळघरात व्हायचं. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला राजधानी वॉर्साला हलली, तरीही बहुतेक राजे मुकुटासाठी आणि अखेरच्या विश्रांतीसाठी इथेच येत राहिले.

वाड्याची आणि कॅथेड्रलची तिकिटं वेगवेगळी असतात. वाड्याची व्यवस्था संग्रहालयाकडे, तर कॅथेड्रल आजही चालतं चर्च आहे. दोन्ही वास्तू मी इंग्रजीतून माहिती देणाऱ्या एका गाइडबाईंबरोबर पाहिल्या. साठीच्या आसपासच्या, बारीक चणीच्या या बाई मूळच्या क्राकोवच्याच. आमच्या गटात सात-आठ देशांतली माणसं होती. ती सगळी वर दिसणाऱ्या सोनेरी घुमटाकडे बघत असताना बाईंनी आम्हाला चढावरच्या भिंतीपाशी थांबवलं. त्या भिंतीत ओळीनं विटा बसवल्या आहेत आणि विटांवर नावं कोरली आहेत. बाई म्हणाल्या, "आधी ही नावं वाचा. राजे नंतर भेटतील."

ती नावं देणगीदारांची होती. 1772, 1793 आणि 1795 अशा तीन खेपांत रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रियानं पोलंड वाटून घेतला आणि हा देश नकाशावरून नाहीसा झाला. वावेल ऑस्ट्रियाच्या हाती गेलं. ऑस्ट्रियन सैन्यानं राजवाड्याच्या बराकी केल्या. दालनांत शिपाई राहू लागले, कमानी भिंती घालून बुजवल्या गेल्या. 1905 मध्ये सैन्य वाड्यातून बाहेर पडायला लागलं, तेही फुकट नाही. त्याच्यासाठी दुसरीकडे बराकी बांधून द्याव्या लागल्या आणि त्याचा पैसा पोलिश लोकांनी उभा केला. 1918 मध्ये देश पुन्हा स्वतंत्र झाला, पण तिजोरीत खडखडाट होता. तेव्हा जीर्णोद्धार हाती घेणारे वास्तुविशारद आडोल्फ शिश्को-बोहुश यांच्या काळात विटांची योजना चालली. एका विटेची ठरावीक देणगी द्यायची आणि आपलं नाव भिंतीत बसवायचं. 1921 ते 1936 या काळात सहा हजारांहून अधिक विटांसाठी देणग्या आल्या. घरचं गहाण पडलेलं सोनं सगळ्या भावंडांनी मिळून सोडवावं, तसा हा राजवाडा लोकांनी सोडवून घेतला. पुढचं सगळं वावेल मी या भिंतीच्या ओळखीवर पाहिलं.

आतलं मोठं चौकोनी अंगण पाहिलं की इटलीत आल्यासारखं वाटतं. 1499 मध्ये जुन्या वाड्याला आग लागली. त्यानंतर राजा झिगमुंट पहिला यानं फ्लॉरेन्सकडचे कारागीर आणले आणि सोळाव्या शतकाच्या पूर्वार्धात तिन्ही मजल्यांवर ओसऱ्या असलेला हा वाडा उभा राहिला. बाईंनी आम्हाला खांबांकडे नीट बघायला लावलं. खालच्या दोन मजल्यांवर आखूड खांब आणि त्यांवर कमानी आहेत. सगळ्यांत वरच्या मजल्यावर मात्र खांब जवळजवळ दुप्पट उंच असून ते थेट छपराला भिडतात. कारण दरबाराची मुख्य दालनं वरच्या मजल्यावर आहेत. तळमजल्यावर कारभाराच्या खोल्या, मधल्या मजल्यावर राजाचं खासगी राहणं आणि वर दरबार. छप्पर उतरतं आणि उंच आहे, कारण इथे बर्फ पडतं. इटलीतली कल्पना पोलंडच्या हवेला आणि पोलिश दरबाराच्या रीतीला अशी जुळवून घेतली आहे.

वरच्या मजल्यावर लोकप्रतिनिधींचं दालन आहे. त्याच्या लाकडी छताच्या चौकटीचौकटींतून माणसांची रंगवलेली शिरं खाली बघतात. 1540 च्या सुमारास ती कोरली गेली. मूळची 194 होती, आज 30 उरली आहेत. त्यांत राजे आहेत, सरदार आहेत, साध्या बायका आहेत. एका बाईच्या तोंडावर पट्टी बांधलेली आहे. दंतकथा अशी की, राजा झिगमुंट ऑगस्टस या दालनात न्यायनिवाडा करत असताना छतावरचं हे शिर एकदम बोललं आणि त्यानं राजाला न्यायानं निवाडा करायला बजावलं. पुन्हा बोलू नये म्हणून तोंडाला पट्टी आली. राजाच्या डोक्यावर प्रजेची मुंडकी बसवणारा आणि त्यांतलं एक बोलतं झाल्याची कथा पिढ्यान्‌पिढ्या जपणारा समाज मला फार आवडला.

या दालनांचं खरं वैभव म्हणजे भिंतींवरचे गालिच्यासारखे विणलेले भव्य चित्रपडदे. झिगमुंट ऑगस्टसनं ते सोळाव्या शतकाच्या मध्यावर ब्रसेल्सच्या विणकरांकडून करवून घेतले. लोकर, रेशीम, सोन्याचांदीची जर यांतून आदम आणि हव्वा, नोहाची नौका, बाबेलचा मनोरा असे प्रसंग उभे केले आहेत; काहींवर नुसती रानं आणि त्यांतली जनावरं आहेत. माझ्या अंगावर पैठणीचे संस्कार असल्यामुळे मी आधी जर बघितली. इतक्या वर्षांनंतरही नोहाच्या अंगरख्याच्या कडा उजेडात चमकत होत्या.

राजाला मूलबाळ नव्हतं. 1572 मध्ये तो वारला आणि त्याच्याबरोबर यागेलो घराण्याची पुरुषशाखा संपली. मृत्युपत्रात त्यानं लिहून ठेवलं होतं की, हे चित्रपडदे आधी बहिणींना मिळावेत आणि त्यांच्यामागे ते राज्याच्या मालकीचे व्हावेत. राजानं आपली खासगी दौलत देशाच्या नावे केली आणि देशानं ती जिवापाड सांभाळली. फाळणीनंतर रशियानं ते नेले होते, ते 1921 च्या रीगा तहानंतर परत मिळवले गेले. 1939 च्या सप्टेंबरात जर्मन सैन्य क्राकोवकडे येऊ लागलं, तेव्हा वाड्यातल्या माणसांनी ते गुंडाळून नदीतल्या मालवाहू नावेत घातले. पुढे रुमानिया, फ्रान्स, इंग्लंड असा प्रवास करत 1940 मध्ये 'बातोरी' जहाजानं ते कॅनडाला पोचले. महायुद्ध संपल्यावरही पोलंडमधल्या नव्या राजवटीच्या हाती ते द्यावेत की नाही, यावर वाद झाला. ते वावेलला परतले 1961 मध्ये.

त्यांच्याबरोबर कॅनडाला गेलेली एक तलवार खजिन्यात आहे, 'श्चेर्बियेत्स'. 1320 पासून पोलिश राजांच्या राज्याभिषेकात ती वापरली जायची. मुकुट, राजदंड असली बाकीची राजचिन्हं प्रशियाच्या सैनिकांनी वाड्याचा खजिना फोडून पळवली आणि पुढे ती वितळवून टाकली गेली. आज एवढी तलवार उरली आहे. काचेमागची ती तलवार बघताना बाई काही बोलल्या नाहीत. गटही गप्प होता.

कॅथेड्रलच्या दाराशी साखळीला प्रचंड हाडं टांगलेली आहेत. लोक त्यांना वावेलच्या प्रसिद्ध ड्रॅगनची हाडं म्हणत. अभ्यासकांच्या मते ती मॅमथ, देवमासा आणि गेंडा यांची आहेत. ती खाली पडतील त्या दिवशी जग बुडेल, अशी समजूत आहे. आत मधोमध संत स्तानिस्वाव यांची चांदीची शवपेटी आहे. हे क्राकोवचे बिशप होते. राजा बोलेस्वाव दुसरा याच्याशी त्यांचा संघर्ष झाला आणि 1079 मध्ये त्यांना मारण्यात आलं. म्हणजे मुकुट घ्यायला येणारा प्रत्येक राजा ज्या ठिकाणी गुडघे टेकायचा, तिथे राजसत्तेनं बळी घेतलेला माणूस विसावला होता.

आत मी सगळ्यांत जास्त वेळ थांबले ती राणी याद्विगाच्या समाधीपाशी. 1384 मध्ये, वयाच्या दहाव्या वर्षी तिचा राज्याभिषेक झाला आणि तोही राजा म्हणून, कारण सत्ता तिच्या स्वतःच्या हक्काची होती. लिथुएनियाच्या यागेलोशी तिचं लग्न झालं आणि दोन राज्यं एकत्र आली. 1399 मध्ये पहिल्या बाळंतपणानंतर ती गेली. पंचविशी नुकती गाठलेली होती. क्राकोवचं विद्यापीठ डबघाईला आलं होतं. आपले दागिने विकून ते पुन्हा उभं करावं, अशी तिची इच्छा होती. 1400 मध्ये ते पुन्हा सुरू झालं. पुढे कोपर्निकस तिथे शिकला. तिच्या थडग्यात सापडलेला राजदंड आणि राजगोल समाधीजवळ काचेच्या पेटीत ठेवले आहेत. दोन्ही लाकडाचे आहेत. 1997 मध्ये पोप जॉन पॉल दुसरे यांनी तिला संतपद दिलं.

घंटेच्या मनोऱ्यात अरुंद लाकडी जिन्यांनी चढावं लागतं. वर 'झिगमुंट' घंटा आहे. 1520 मध्ये ओतलेली ही घंटा लोलक आणि जोडसामानासह साडेबारा टनांच्या आसपास भरते. ती वाजवायला बारा माणसं दोर ओढतात. मोठे सण आणि राष्ट्राच्या सुखदुःखाचे प्रसंग, एवढ्यासाठीच ती वाजते.

मग आम्ही तळघरात उतरलो. राजांच्या शवपेट्यांबरोबर इथल्या तळघरांत कवी आणि सेनानीही आहेत. कवी आदाम मित्सक्येविच यांचे अवशेष 1890 मध्ये फ्रान्समधून आणले गेले, पोलंड पारतंत्र्यात असताना. 1794 च्या उठावाचा नेता कोश्चुश्को इथे आहे. व्हिएन्नाला 1683 मध्ये तुर्कांचा वेढा उठवणारा राजा यान सोबिएस्की इथे आहे.  आणि सोबिएस्की आहे त्याच संत लेनर्ड यांच्या नावाच्या तळघरात जनरल व्वादिस्वाव सिकोर्स्की यांची शवपेटी आहे.

मी कोल्हापूरची. सिकोर्स्कींच्या नावाशी मी थबकले, कारण त्या नावाचा धागा माझ्या गावापर्यंत येतो. 1940-41 मध्ये सोव्हिएत सत्तेनं लाखो पोलिश माणसं सायबेरिया आणि कझाकस्तानात नेऊन टाकली होती. परागंदा सरकारचे पंतप्रधान सिकोर्स्की यांनी जुलै 1941 मध्ये सोव्हिएत सरकारशी करार केला, तेव्हा या माणसांच्या सुटकेची वाट खुली झाली. इराणमार्गे हजारो बायकामुलं बाहेर पडली. काही मुलं नवानगरच्या जामसाहेबांनी बालाचडीला सांभाळली. आणि 1943 पासून 1948 पर्यंत सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित कोल्हापूरजवळ वळिवड्याच्या छावणीत राहिले. तिथे त्यांच्या शाळा होत्या, चर्च होतं, दवाखाना होता. ते गेल्यावर त्याच जागी सिंधी निर्वासित आले आणि गांधीनगर वसलं.

हे मी बाईंना सांगितलं. "वळिवडे?" त्या पोलिश उच्चारात म्हणाल्या आणि त्यांनी माझा हात हातात घेतला. गटातल्या बाकीच्यांना त्यांनी मग सिकोर्स्कींची माहिती थोडक्यात सांगितली आणि वळिवड्याची मात्र सविस्तर, मला विचारून विचारून. पंचगंगेचं नाव त्यांनी दोनदा म्हणून पाहिलं. पोलिश राजांच्या तळघरात माझ्या नदीचं नाव घेतलं गेलं, याचा मला आजही अभिमान वाटतो.

वावेलनं मला एक गोष्ट पक्की शिकवली. वास्तू राजे बांधतात, पण ती टिकते सामान्य माणसांच्या खिशातल्या पैशावर आणि जाणत्या माणसांच्या तोंडच्या माहितीवर. त्या गाइडबाईंना वाड्याचा प्रत्येक खांब का तसा आहे ते ठाऊक होतं आणि ते सांगताना त्यांचा जीव त्यात होता. 2025 मध्ये रायगड, शिवनेरी, पन्हाळ्यासह मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत गेले. त्या प्रत्येक किल्ल्यावर अशी अभ्यास केलेली, नीट मोबदला मिळणारी माणसं उभी करणं हे आपलं पुढचं काम आहे. आणि कोल्हापूरकरांनी आणखी एक करावं. महावीर उद्यानात पोलिश निर्वासितांचा स्मृतिस्तंभ आहे. आपल्या मुलांना तिथे घेऊन जा आणि तो तिथे का आहे, ते त्यांना सांगा.